मेलेल्या जनावराला काय विचारायचं

दसरा जवळ आला की आमच्याकडचं ऊन बदलतं. सकाळी झेंडूच्या शेतावर दव असतं, आणि दुपारी त्याच शेताच्या बांधावर चप्पल काढून उभं राहवत नाही. प्रवरेकाठचा ऊस एव्हाना माणसाच्या डोक्यावर गेलेला असतो. मग एखाद्या सकाळी संगमनेरच्या बायपासला पूर्वेकडून येणारा पहिला ट्रॅक्टर दिसतो. मागे दोन ट्रॉल्या, त्यांत कोपीचं, म्हणजे फडावरच्या झोपडीचं, सामान, डेग, चुलीसाठी पत्र्याचे डबे, गोधडीच्या गाठोड्यावर बसलेली माणसं आणि एखादी शेळी. ऊसतोडीचा हंगाम आला. दरवर्षी हा पहिला ट्रॅक्टर मला खर्ड्याकडचा एक आश्विन आठवून देतो. त्याच्या मागोमाग एक शब्दही आठवतो आणि तोंड कडू होतं. तो शब्द म्हणजे अनुभव.

हा शब्द हल्ली फार स्वस्त झाला आहे. परवाच अहिल्यानगरहून निरोप आला की अधिकाऱ्यांसाठी 'अनुभवातून प्रगतीकडे' असं एक दिवसाचं शिबिर आहे, हजेरी सक्तीची. मी अशा शिबिरांना जाऊन आले आहे. पंखे फिरत असलेल्या सभागृहात कोट घातलेला एक तरुण घाम पुसत सांगतो की प्रत्येक अपयश ही यशाची पायरी असते. आम्ही सगळे वह्या उघडून पायरी असं लिहितो. मग जेवणात गुलाबजाम असतात. जेवणानंतर मागच्या रांगा झोपतात, आणि संध्याकाळी सगळ्यांना अनुभवसंपन्न झाल्याचं प्रमाणपत्र मिळतं. त्या तरुणाचा मला राग येत नाही, तो बिचारा पोटासाठी बोलतो. मला संताप येतो तो मान डोलावणाऱ्या माझ्या सहकाऱ्यांचा. आपण नोकरीत केस पांढरे केले म्हणजे आपोआप शहाणे झालो, असं त्यांना मनापासून वाटतं. घाण्याच्या बैलाचंही आयुष्य चालण्यात जातं. त्याला कुणी प्रवासवर्णन लिहायला बसवत नाही.

मी जनावरांची डॉक्टर. संगमनेरच्या दूधवाल्या पट्ट्यात वाढले. आमच्या गोठ्यात संकरित गाई, पाणी मारलेला कोबा, वेळेवर येणारी दुधाची गाडी. पहिली नेमणूक झाली ती जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला, खर्ड्याजवळच्या एका गावात. ज्या दिवशी रुजू झाले त्या दिवशी किल्ल्याच्या तटावर ऊन पडलं होतं आणि दवाखान्याच्या आवारात एकच बाभूळ होती. तिच्या सावलीत खुर्ची टाकून देवढे साहेब बसले होते. ते तिथले मुख्य डॉक्टर. अंगाने भक्कम, आवाज खर्जातला, शर्टाच्या खिशात कायम थर्मामीटर, आणि तो खिशातून बाहेर निघालेला मी कधी पाहिला नाही. ताप हाताला कळतो, असं ते म्हणत. त्यांनी माझी पदवी विचारली, गुण विचारले आणि मग सांगितलं की आता हे सगळं विसरायचं. इथे पुस्तक चालत नाही, अनुभव चालतो.

त्यांचा अनुभव म्हणजे काय, ते मला लवकरच कळलं. जनावर बसलं की कॅल्शियम. जनावर थरथरलं की साप. जनावर खाईनासं झालं की एक लाल इंजेक्शन, आणि मालक फार काळजीत दिसला तर सोबत एक पिवळं. इंजेक्शन मात्र ते सुरेख देत, शीर एका फटक्यात सापडे. बरं झालेलं जनावर साहेबांच्या हातगुणाने बरं होई आणि मेलेलं आपल्या नशिबाने मरे. हा हिशेब इतका सोयीचा होता की त्यात चूक व्हायला जागाच नव्हती. आणि जिथे चूक होऊच शकत नाही, तिथे शिकणार काय, कपाळ?

त्या वर्षी पावसाने वाईट चाल खेळली. आधी चांगला पडला, लोकांनी जनावरांसाठी कडवळ पेरली, म्हणजे चाऱ्याची ज्वारी. ती गुडघ्याला आली आणि पाऊस गायब झाला. पानं दुपारी गुंडाळून घेत, रात्री थोडी उलगडत. भाद्रपद असाच करपला. हस्ताची एक सर येऊन गेली, तेवढ्यावर बुंध्यांना कोवळे, पोपटी फुटवे आले. उजाड माळावर तो पोपटी रंग फार गोड दिसायचा. सायकलवर दूध घालायला जाणारी माणसं थांबून बघायची. ओल्या मातीचा वास दोन दिवस टिकला आणि मग पुन्हा धूळ.

त्याच दिवसांत चंद्राबाईचा नवरा धावत दवाखान्यात आला. त्यांची वस्ती ओढ्यापलीकडे होती. नवराबायको दोघं दरवर्षी उसाला जायची. दसरा झाला की मुकादमाची ट्रॉली यायची. मागे राहायची ती म्हातारी सासू, दोन लहान लेकरं आणि एक तांबडी गाय. त्या गाईच्या दुधावर ती तिघं फाल्गुनापर्यंत काढत. त्यामुळे घरात त्या गाईला एक माणूस धरलं जाई, आणि तेही घर सांभाळणारं माणूस.

आम्ही पोहोचलो तेव्हा गाय गोठ्याबाहेर आडवी होती. पोट फुगलेलं, मान मागे ताणलेली, श्वास असा की लांबून ऐकू यावा. चंद्राबाई तिच्या तोंडावर पाणी मारत होती. देवढे साहेबांनी वाकून पाहिलं, पायाला कुठे दाताची खूण आहे का ते वरवर चाचपलं आणि साप म्हणून सांगितलं. मी गाईची पापणी उलटून पाहिली. आतला भाग लालभडक होता, नुकत्या कापलेल्या डाळिंबासारखा. साप चावलेल्या जनावराचं मी जे वाचलं होतं त्यात हे कुठे बसत नव्हतं. मी चंद्राबाईला विचारलं, गाईने काय खाल्लं? ती माझ्याकडे न बघता म्हणाली की वाळला कडबा, दुसरं काही नाही. साहेबांनी नेहमीची इंजेक्शनं दिली. शेवटची सुई बाहेर निघायच्या आत गाय मेली.

साहेब हात धुऊन मोटारसायकलकडे निघाले. मी म्हटलं, सर, आपण हिला उघडून पाहू या का?

ते हसले. मला ते हसू अजून स्पष्ट आठवतं, कारण त्यात वाईट हेतू अजिबात नव्हता. लहान मुलाने चंद्र मागितल्यावर मोठी माणसं हसतात तसं ते हसले.

"मॅडम, मेलेल्या जनावराला काय विचारायचं? जिवंतांची रांग लागलीय तिकडं."

आणि ते गेले. मी तिथेच थांबले. हे धाडस होतं असं आता सांगायला बरं वाटेल, पण खरं तर मला त्यांच्या मागे बसून जायची किळस आली होती. माणूस इतक्या सहज एखाद्या मरणाकडे पाठ फिरवू शकतो, हे मी पहिल्यांदा पाहत होते. गाय उघडायला घरच्यांना राजी करणं सोपं नव्हतं. म्हातारी रडत होती. मी तिला सांगितलं की या गाईसाठी आता काही करता येणार नाही, पण वस्तीवरच्या बाकीच्या गाईंसाठी मला बघायचंय. शेवटी तीच लेकाला म्हणाली, बघू दे.

ओढ्याच्या काठाला नेऊन मी गाय उघडली. रक्त गडद व्हायला हवं होतं, ते चमकदार लाल होतं. पोट कापल्याबरोबर कडू बदामासारखा वास आला आणि पाठोपाठ हिरवा चोथा बाहेर आला. कडवळीची कोवळी पानं, काही तर अख्खीच्या अख्खी. ज्वारी पाण्यावाचून खुरटली किंवा कोवळी फुटली की तिच्यात विष तयार होतं. आपल्याकडे त्याला किराळ लागणं म्हणतात. गावातल्या प्रत्येक म्हातारीला हे माहीत असतं. उतारा मिळाला, आणि वेळेत मिळाला, तर जनावर वाचतं.

चंद्राबाई माझ्या मागे उभी होती. हिरवी पानं बघून ती माझ्याजवळ येऊन बसली. मग नवरा लांब गेल्याची खात्री करून तिने सांगितलं. पहाटे दावं सुटलं होतं आणि गाय दिराच्या कडवळीत गेली होती. दोन्ही भावांचं बांधावरून वैर. मागच्याच महिन्यात कुऱ्हाडी निघाल्या होत्या, लोकांनी मध्ये पडून सोडवलं होतं.

"कडवळ खाल्ली म्हनले असते तर ह्यो म्हनला असता, त्यानंच मुद्दाम सोडली आत. ट्रॉली यायच्या आत एकाचा मुडदा पडला आसता, मॅडम. मला वाटलं, गाय हाय, निभावून नेईल."

तिने गाय आणि नवरा यांच्यात निवड केली होती आणि तीही घाईत. माझ्या मनात एकच गोष्ट घुमत होती. 'काय खाल्लं' हा प्रश्न मला कॉलेजात शिकवला होता, तो मी बरोबर विचारला होता, आणि तरी त्याला खोटं उत्तर मिळालं होतं. कारण त्या वस्तीवर तो प्रश्न आजाराचा नव्हता, तो फौजदारीचा होता. कुणाचं खाल्लं, कुणी सोडलं, राखण कुणाची होती, हे सगळं त्या दोन शब्दांच्या पोटात होतं. घाबरलेलं माणूस अशा प्रश्नाला वाळला कडबा हेच उत्तर देणार.

हे कुठल्याही पुस्तकात नव्हतं, हे मान्य. पण ते देवढे साहेबांच्या अनुभवातही नव्हतं, आणि ते तर त्या मातीत मुरलेले होते. दुसऱ्या दिवशी मी त्यांना सगळं सांगितलं. ते म्हणाले की आपल्या अख्ख्या नोकरीत या भागात किराळ लागलेली आपण पाहिलेली नाही. दिसणार कशी? ती तर प्रत्येक वेळी पोटाच्या आत होती, आणि साहेब प्रत्येक वेळी हात धुऊन मोटारसायकलवर. जे कधी पाहिलंच नाही त्याला ते 'माझ्या अनुभवात नाही' म्हणत होते, आणि हे वाक्य पुरावा म्हणून समोर ठेवत होते. पुढे आयुष्यात हे वाक्य मी डॉक्टरांकडून ऐकलं, प्राध्यापकांकडून ऐकलं, एका सासूकडूनही ऐकलं. दर वेळी मला ते हात धुणं आठवलं.

नगरला माझी एक मैत्रीण होती. तिला सांगून मी उताऱ्याचं औषध एसटीच्या पार्सलने मागवून घेतलं. ते आलं त्याच आठवड्यात दुसऱ्या वस्तीवरून बोलावणं आलं. साहेब जामखेडला बैठकीला गेले होते, म्हणून मी एकटी गेले. दोन बैल, एक पडलेला, एक डुलत उभा. पापण्या तशाच लाल. मालक पन्नाशीचा, शेजारी त्याचा चुलता बसलेला. या वेळी मी काय खाल्लं असं विचारलं नाही. मी बैलाच्या पाठीवर हात ठेवून विचारलं, पहाटेपासून ही जोडी कुठं कुठं फिरली? माणूस सांगायला लागला. ओढ्यावर पाणी पाजलं, मग देवळामागून आणली, मग पोरीने धरली होती, ती जरा भाकर खायला बसली तेव्हा तिकडे वरच्या अंगाला. वरच्या अंगाला कडवळ होती. कुणावर आळ न येता ती कडवळ बोलण्यात आली आणि मी पिशवी उघडली. पडलेला बैल गेला. डुलणारा तासाभरात शांत झाला, आणि ऊन कलता कलता त्याने पाण्याच्या घमेल्यात तोंड घातलं. तो मालक त्याच्याकडे बघत राहिला. जोडीतला एक बैल वाचला म्हणजे आनंद मानायचा की दुःख, ते त्याला ठरवता येत नव्हतं.

त्यानंतर मी वस्त्या पालथ्या घातल्या. संध्याकाळी देवळाच्या भोंग्यावरून सांगितलं की कडवळ फुलोऱ्यात आल्याशिवाय कापू नका, तिकडे जनावर सोडू नका. पारावरची मंडळी हसली. संगमनेरची पोरगी, तिला काय ज्वारी कळती, असं एकजण माझ्या देखत म्हणाला. तरी बायकांनी ऐकलं, कारण दावी त्यांच्या हातात असतात. दसऱ्यापर्यंत तिसरं बोलावणं आलं नाही. ट्रॉली आली तेव्हा चंद्राबाई माझ्याकडे येऊन गेली. लेकरांना दूध नाही म्हणून धाकट्याला आणि त्याला सांभाळायला मोठ्या मुलीला सोबत उसात घेऊन चालले आहे, असं तिने सांगितलं. ती मुलगी शाळेत हुशार होती. तिच्या पाठीवर दप्तर नव्हतं, धाकट्याची झबली होती. पायरी वगैरे शब्द मला तेव्हापासून सहन होत नाहीत. माझ्या शिकण्याची किंमत त्या मुलीने चुकती केली होती, आणि तिला कुणी विचारलंही नव्हतं.

पुढे माझं बरं झालं. त्या आश्विनाच्या जोरावर मी रोगनिदानाचं पुढचं शिक्षण घेतलं, त्यातच बढत्या मिळाल्या, आज तालुक्यांतून नवे डॉक्टर फोन करून मला लक्षणं सांगतात. मी त्यांना आधी विचारते, मेलेलं उघडलंत का? बहुतेकांनी उघडलेलं नसतं. कामं फार असतात, वास येतो, मालक चिडतो. सगळी कारणं खरी असतात. मला तरीही त्यांची घृणा येते आणि मी ती लपवत नाही. त्यामुळे माझ्या पाठीमागे मला काय म्हणतात तेही मला ठाऊक आहे.

देवढे साहेब निवृत्त झाले तेव्हा जामखेडच्या एका मंगल कार्यालयात मोठा समारंभ झाला. उन्हाळ्याचे दिवस, फेट्यांमुळे सगळ्यांची कपाळं ओलीचिंब. एकामागून एक वक्ते अनुभवाचा सागर, अनुभवाचा मेरू, अनुभवाची गंगोत्री असं बोलत होते. सगळा भूगोल संपला तरी भाषणं संपेनात. त्यांच्या बोलण्यात तो किराळीचा हंगामही आला. साहेबांनी आपल्या अनुभवी नजरेने ती ओळखली आणि पंचक्रोशी वाचवली, असं एका पुढाऱ्याने सांगितलं. मी उठून बाहेर आले. मागच्या अंगणात, जिथे आचारी कांदे चिरत होते, तिथे साहेब हार काढून एकटे उभे होते. बहुधा घुसमटले होते. मला बघून त्यांनी त्या पुढाऱ्याबद्दल काहीतरी पुटपुटलं, आणि मग एकदम म्हणाले,

"मीही उघडली होती एक गाय. नोकरी नवी होती तेव्हा."

ते पुढे सांगू लागले. पोट फुगलेली गाय होती. त्यांनी मान वर करून बाटलीने तेल पाजलं. गाय खोकली, पण त्यांनी पाजणं थांबवलं नाही. ती मेली. तरुण होते, हौस होती, म्हणून मालकाच्या देखत उघडली. तेल फुप्फुसात होतं. मालकाला त्यातलं काही कळलं नाही, तो उलट पाया पडला की साहेब, एवढी मेहनत घेतलीत. हे सांगताना त्यांचा खर्जातला आवाज पार खाली गेला होता.

"त्यानंतर नाही उघडली. कुठलीच."

मी विचारलं, मग पाजायची पद्धत बदललीत का?

"पाजणंच सोडलं. तेव्हापासून फक्त सुई."

कांद्याने डोळे झोंबत होते. मी त्या माणसाकडे बघत राहिले. इतकी वर्षं मी धरून चालले होते की हा गृहस्थ अनुभवातून काही शिकला नाही. तो शिकला होता. एकदाच, आणि कायमचा. दार उघडलं की आत आपण स्वतः दिसतो, एवढं त्याला कळलं आणि त्याने दार लावून घेतलं. त्या दाराबाहेर त्याने पुढची सगळी नोकरी काढली, आणि चंद्राबाईची गाय तिथेच मेली. मला त्यांची दया आली असं म्हणता आलं असतं तर बरं झालं असतं. आली नाही. तेल कुणाच्याही हातून फुप्फुसात जातं, दार मात्र त्यांनी स्वतः लावलं होतं. पण त्या दिवशी त्यांच्यासाठी नुसता तिरस्कार मला पुरेना, एवढं खरं. तुच्छ मानायला माणूस जरा लांब असावा लागतो, आणि ते फार जवळ उभे होते.

आतून त्यांचं नाव पुकारलं गेलं. त्यांनी हार परत घातला, फेटा नीट केला आणि आत गेले. मी मागोमाग जाऊन मधल्या रांगेत बसले. ते माइकसमोर उभे राहिले. क्षणभर थांबले. त्या क्षणात मला वाटलं, आता सांगतील. समोर नव्या डॉक्टरांची अख्खी रांग होती, त्यांच्यासाठी यापेक्षा मोठा धडा त्या तालुक्यात दुसरा नव्हता. पण समोर फेटे होते, पुढारी होते, सागर आणि मेरू होते. चुकलेल्या माणसाला बसायला तिथे एकही खुर्ची नव्हती.

साहेब म्हणाले की इतक्या वर्षांत आपल्या हातून एकही जनावर दगावलं नाही, याचं समाधान घेऊन आपण घरी जात आहोत.

सभागृह टाळ्यांनी दणाणून गेलं. नव्या डॉक्टरांची रांग सगळ्यात जोरात वाजवत होती. टाळ्या चालू असताना त्यांची नजर फिरत फिरत माझ्यावर आली आणि थांबली. मी हात मांडीवर ठेवून बसले होते. ते तसेच राहू दिले. त्या गर्दीत त्यांचं खरं ऐकलेली मी एकटी होते, आणि ऐकल्याची खूण म्हणून द्यायला माझ्याकडे दुसरं काही नव्हतं.